खांद्यावर खिळलेली नजर

मिनाकुची तोकुजी यांना मी प्रथम पाहिले, तेव्हा ते मरत होते. लाकडी पुलावरचे दृश्य होते. नायकाचा वार छातीवर घेऊन ते कठड्यावर ओणवले, क्षणभर तसेच थबकले, आणि मग असे पडले की त्यांच्या देहाची रेषा बरोबर नायकाच्या पावलांपाशी येऊन संपली. पाहणाऱ्याची दृष्टी त्या रेषेवरून आपोआप वर चढत नायकाच्या मुखावर जाऊन स्थिरावावी, अशी ती योजना होती. दिग्दर्शकांनी पसंती दिली. मृत तोकुजी उठले, त्यांनी कपड्यांवरची माती झटकली, आणि ज्याने मारले त्याच्यापुढे कमरेत वाकून ते म्हणाले,

"मारलंत, आभारी आहे."

मी तेव्हा नवखी होते. मला हसू आवरेना. ही आमच्या व्यवसायातील रीतच आहे, हे मला पुढे कळले. तलवारीच्या चित्रपटांत जो वार झेलून पडतो, त्याने वार करणाऱ्याचे आभार मानायचे. वीस जणांच्या घोळक्यात नायकाने नेमके आपल्यालाच समोरून मारावे, हे त्या लोकांत भाग्य समजले जाई.

क्योतोच्या पश्चिमेस उझुमासा येथे आमचा स्टुडिओ होता. महायुद्धानंतर विजेत्या अमेरिकनांच्या राजवटीत तलवारीचे चित्रपट बंद पडले होते. ते पुन्हा सुरू झाले, त्या वर्षी मी तेथे नोंदलेखिका म्हणून लागले. कोणाची बाही किती दुमडलेली होती, केसांची बट कोणत्या बाजूस सुटली होती, दृष्टी कोठे होती, हे सारे प्रत्येक वेळी टिपून ठेवायचे, म्हणजे आजचा तुकडा उद्याच्या तुकड्याशी बेमालूम जुळतो. माझे नाव इनुई फुसाए. पण बहुतेकांच्या लेखी मी म्हणजे एक वही आणि एक पेन्सिल. मत देणे हे माझे काम नव्हते.

तोकुजी 'मोठ्या खोली'तले नट. ज्यांची नावे पडद्यावर येत नाहीत, अशी साठ-सत्तर माणसे तळमजल्यावरच्या एका प्रशस्त खोलीत चटयांवर एकत्र बसत, रंग लावीत, जेवीत आणि हाक आली की मरायला जात. वरच्या मजल्यावर नाव असलेल्या नटांच्या खोल्या होत्या. दोहोंच्या मध्ये अकरा पायऱ्यांचा एक जिना होता. परंतु तो चढून गेलेला मोठ्या खोलीतला माणूस माझ्या पाहण्यात नव्हता.

युद्धापूर्वी तरुणपणी ते या व्यवसायात आले. मध्ये सैन्यात गेले, चीनमध्ये चार वर्षे राहिले, परत आले तेव्हा तलवारीच्या चित्रपटांवर बंदी होती. म्हणून स्थानकापाशी हातगाडी ओढली. चित्रपट सुरू होताच ते पुन्हा दाराशी उभे राहिले. एकदा चहाच्या वेळी मी त्यांना विचारले होते, "इतकी वर्षं नुसतं मरायचं, कंटाळा नाही येत?"

त्यांनी दोन्ही हातांत पेला धरला होता. ते हसून म्हणाले, "फुसाए-सान, मी खरे मेलेले पाहिलेत. ते उठत नाहीत. इथं मेलेला माणूस उठतो, कपडे झटकतो आणि चहा पितो. आणखी काय मागायचं?"

हे उद्गार त्यांनी सहज काढले. मला मात्र त्या दिवशी पेला खाली ठेवावासा वाटेना.

युद्ध संपून चौदा वर्षे झाली, त्या वर्षीच्या नोव्हेंबरची ही गोष्ट. तोकुजींनी पन्नाशी ओलांडली होती आणि त्यांचे गुडघे निकामी होऊ लागले होते. पडणे साधे, पडताना गुडघा किती वळवावा, हे कठीण. दोनदा ते पडल्यावर उठू शकले नाहीत आणि सहकाऱ्यांनी त्यांना बखोटीला धरून उभे केले. वर्षाच्या अखेरीस पुढल्या वर्षाची यादी लागत असे. नटांची व्यवस्था पाहणाऱ्या अधिकाऱ्याने त्यांना आधीच सुचवून ठेवले होते की, ज्याला पडता येत नाही त्याला मोठ्या खोलीत ठेवता येणार नाही. त्यांना दुसरे काही येत नव्हते आणि दुसरे काही करण्याची इच्छाही नव्हती.

अशा वेळी दिग्दर्शक युआसा यांच्या चित्रपटात नावाड्याची भूमिका करणारा वृद्ध रंगभूमी-नट आजारी पडला. भूमिका लहान, पण चित्रपटाचा सारा भार तिच्यावर. नायकाच्या हातून गैरसमजाने एक तरुण मारला जातो. त्या तरुणाचा बाप नदीवर नाव चालवतो. नायक त्याच्यापुढे जाऊन अपराध कबूल करतो. बापाला चारच वाक्ये होती. त्यांतले शेवटचे असे: "पडताना त्याचं तोंड कुणीकडे होतं?"

युआसा माझ्या वहीतली जुनी छायाचित्रे चाळत होते. एका मृतदेहावर त्यांचे बोट थांबले.

"हा कोण?"

"मिनाकुची तोकुजी. मोठ्या खोलीतले," मी म्हणाले.

"मेल्यावरसुद्धा हा माणूस नायकाची काळजी करतोय असं दिसतं. बोलवा त्याला. जमलं तर पुढच्या वर्षी वरच्या खोलीत घेऊ. म्हातारी माणसं हवीच आहेत मला."

अशा रीतीने तोकुजींचे सारे उर्वरित आयुष्य चार वाक्यांवर येऊन ठेपले.

चित्रणाच्या दिवशी सकाळी सेटवर नदीकाठची झोपडी उभी होती. नायकाची भूमिका हातानो सेइजुरो यांची होती. त्यांच्या नावावर चित्रपटगृहे भरत. मोठ्या खोलीतल्या माणसांशी ते वाईट वागत नसत. पण कित्येकांची नावे त्यांना ठाऊक नव्हती. प्रकाशयोजनेचे प्रमुख गोंदो यांनी उंच मचाणावरून एक मऊ झोत तोकुजींच्या मुखावर सोडला होता. असा झोत त्यांच्या वाट्याला आजवर कधी आला नव्हता.

पहिल्या वेळी हातानो संवाद बोलून थांबले आणि तोकुजींनी उत्तर द्यायच्या आधी अर्धे पाऊल डावीकडे सरकून झोत मोकळा करून दिला. मोकळ्या झोतात हातानोंचे मुख उजळून निघाले. तोकुजी अंधारात उभे राहून बोलू लागले.

"कट!" युआसा ओरडले. "अहो तोकु-सान, निघालात कुठं? नाव किनाऱ्याला बांधलीय, तुम्हीच वाहत चाललात!"

सारे हसले. तोकुजी खजील होऊन वाकले. "चुकलो. पुन्हा एकदा करू द्या."

गोंदोंनी जमिनीवर खडूने त्यांच्या पावलांभोवती रेषा काढली. दुसऱ्या वेळी ते सरकले नाहीत. पण त्यांची दृष्टी हातानोंच्या मुखावर टिकेना. ती खाली उतरे आणि उजव्या खांद्यावर जाऊन बसे. तिसऱ्या वेळी तेच. चौथ्या, पाचव्या वेळीही तेच.

"त्यांच्या खांद्यावर काय ढेकूण बसलाय का?" युआसांचा आवाज चढला. "ज्यानं तुमचा पोरगा मारला तो समोर उभा आहे. डोळ्यांत बघा त्याच्या! बाप खांद्याशी बोलतो का कधी?"

"नाही बोलत."

"मग?"

"मी बघतोय म्हणतो मनाशी... पण डोळे ऐकत नाहीत."

सातव्या वेळेनंतर युआसांनी टोपी काढून मांडीवर आपटली. माझ्याकडे न बघता ते म्हणाले, "जेवण करून घ्या. दुपारी आणखी एकदा बघू. नाहीतर ओसाकाच्या त्या नटाला तार करा. तोकु-सान, तुमचा दोष नाही हो. माझीच निवड चुकली."

हे शेवटचे वाक्य रागापेक्षा कठोर होते. कारण ते सौम्यपणे उच्चारले गेले होते.

झोपडीच्या मागे, जेथे सेटची उघडी फळकुटे दिसत, तेथे तोकुजी जाऊन बसले. भाताचे दोन गोळे पानात तसेच होते. मोठ्या खोलीतले त्यांचे जुने सोबती कुमेदा तेथे आले. दुपारच्या दृश्यासाठी त्यांच्या कपाळावर खोटी जखम रंगवलेली होती.

"काय रे तोकु," ते म्हणाले, "जन्मभर तलवारीला भ्याला नाहीस, आणि आता चार वाक्यांना भितोस?"

"तलवार खोटी असते रे. हे खरं वाटतंय."

"अरे, मग नाही जमलं तर नाही जमलं! ये परत खाली. आम्ही तुला रोज फुकट मारू."

"गुडघे नाही म्हणतात, कुमेदा."

कुमेदांनी भाताचा एक गोळा उचलून तोकुजींच्या हातात कोंबला. "खा आधी. उपाशी बाप कुणाला आवडत नाही पडद्यावर."

मी थोड्या अंतरावर वही उघडून बसले होते. सात वेळांच्या सात नोंदी एकाखाली एक होत्या. 'दृष्टी' या शब्दापुढे सातही ठिकाणी मी एकच गोष्ट लिहिली होती: उजवा खांदा. तेव्हा माझ्या ध्यानात आले की ही नोंद माझ्या ओळखीची आहे. कितीतरी चित्रपटांतल्या कितीतरी मरणांपुढे मी हेच शब्द लिहीत आले होते.

इतक्यात हातानोंनी मला हाक मारली. पुढच्या तुकड्यासाठी त्यांच्या केसांची बट कोणत्या बाजूस होती, हे त्यांना विचारायचे होते. मी सांगितले. मग ते आवाज खाली आणून म्हणाले,

"फुसाए-सान, हा माणूस माझ्यावर रागावलाय का हो? सकाळपासून एकदासुद्धा माझ्याकडे बघत नाही."

मत देणे हे माझे काम नव्हते. तरीही मी वही त्यांच्यापुढे धरली.

"रागावलेले नाहीत. त्यांना तुमचे डोळे माहीतच नाहीत."

"म्हणजे?"

"तुमचा वार उजव्या खांद्यातून निघतो. खांदा हलला की पडणाऱ्यानं पडायचं. डोळ्यांकडे पाहिलं तर उशीर होतो, आणि उशीर झाला की तुमचा वार खोटा दिसतो. मोठ्या खोलीत हे पहिल्या दिवशी शिकवतात. तोकु-सान बावीस वर्षांपूर्वी शिकले. तुमच्यासमोर उभं राहिलं की त्यांची नजर आपोआप तिथंच जाते."

हातानोंनी वही हातात घेतली आणि बराच वेळ ती पाने उलटत राहिले. शेवटी ते म्हणाले, "लोक म्हणतात, सेइजुरोचा वार कधी चुकत नाही. मीही तसंच समजत होतो." त्यांनी वही मिटली. "चुकत असणारच की. तो सांभाळून घेत असणार."

वही परत देऊन ते सरळ युआसांकडे गेले. मी मागोमाग गेले, कारण ते जे ठरवणार होते ते मला टिपायचे होते.

"युआसा-सान, मी या दृश्यात उभा नको. बसतो. त्याच्यापुढे जमिनीवर."

"बसता? तुम्ही सामुराई आहात, तो नावाडी आहे."

"मी त्याचा मुलगा मारलाय. तलवार कमरेला नको. काढून उजव्या हाताला ठेवतो. दोन्ही तळवे जमिनीला टेकतो, आणि फक्त मान वर करून त्याच्याकडे बघतो. कॅमेरा माझ्या मागून घ्या."

कंपनीचे व्यवस्थापक तेथे उभे होते. त्यांचे डोळे विस्फारले. नायकाचे मुख दिसत नाही असा महत्त्वाचा प्रसंग त्या काळी कोणी घेत नसे. तो अलिखित नियमच होता.

"हातानो-सान, लोक काय तुमची पाठ बघायला येतात का?" ते म्हणाले.

"या माणसानं इतकी वर्षं स्वतःचं तोंड फिरवून माझं तोंड दाखवलं," हातानो शांतपणे म्हणाले. "एकदा माझी पाठ दाखवली तर चित्रपटगृहं ओस पडणार नाहीत. पडली, तर माझ्याकडे या भांडायला."

युआसा आपल्या टोपीकडे पाहत होते. मग ते एकदम हसले. "गोंदो! झोत जरा खाली आणा. आणि म्हाताऱ्याच्या पायाखालची ती खडूची रेघ पुसा. ती बघूनच तो आणखी घाबरतोय."

आमच्याकडे बसलेल्या योद्ध्याने तलवार उजव्या बाजूस ठेवली, की ती उपसण्याचा हेतू नाही असा तिचा अर्थ होतो; कारण उजव्या हाताने ती त्या बाजूने वेगाने उपसता येत नाही. आणि ज्याचे दोन्ही तळवे जमिनीला टेकले आहेत त्याच्या खांद्यातून कोणताच वार निघू शकत नाही. हातानोंनी हे तोकुजींना शब्दांनी सांगितले नाही. शब्दांनी सांगून उपयोग नव्हता. ते समजायचे होते तोकुजींच्या देहाला.

दिवे लागले. हातानो गुडघे टेकून बसले, तलवार काढून उजवीकडे ठेवली, तळवे जमिनीवर पसरले आणि मस्तक लवविले. अपराधाची कबुली दिली. मग मान वर केली.

तोकुजींची दृष्टी नेहमीप्रमाणे त्या खांद्यावर गेली. माझी पेन्सिल तेथवर पोहोचलीही होती. परंतु खांदा निश्चल होता; तेथे वाचण्यासारखे काहीच नव्हते. ती दृष्टी थोडी घोटाळली, रिकाम्या घरात कोणी दाराशी थबकावे तशी थबकली, आणि मग हळूहळू वर चढत हातानोंच्या डोळ्यांपाशी आली. तेथे ती थांबली.

पहिली तीन वाक्ये त्यांनी अगदी साध्या स्वरात म्हटली. चौथ्यापूर्वी ते इतके थांबले की संवाद विसरले असे मला वाटले. मग त्यांनी विचारले, "पडताना त्याचं तोंड कुणीकडे होतं?"

ज्याने इतक्या वर्षांत आपले मुख सतत दुसरीकडे फिरवून घेतले, तो मनुष्य हा प्रश्न विचारीत होता. आणि त्याचे स्वतःचे मुख पूर्ण प्रकाशात, आम्हा सर्वांपुढे उघडे होते. त्या मुखावर सुरकुत्या होत्या, डाव्या भुवईत एक जुना व्रण होता, ओठ किंचित एका बाजूस झुकलेले होते. इतकी वर्षे मी त्याच्या बाह्या आणि बटा टिपीत आले. मुख मी त्या दिवशी प्रथम पाहिले.

हातानोंना उत्तर द्यायचे होते: "तुमच्या घराकडे." ते त्यांनी दिले, पण स्वर फुटला. त्यांचे डोळे भरून आले होते. ते अश्रू कोणत्याही चित्रपटात नाहीत, कारण कॅमेरा त्यांच्या पाठीमागे होता.

युआसांनी बराच वेळ 'कट' म्हटले नाही. म्हटले तेव्हा ते पुटपुटल्यासारखे म्हटले.

तोकुजी वळून निघू लागले. गुडघ्यांनी साथ दिली नाही, तेव्हा हातानोंनी उठून आधार दिला. तोल सावरताच तोकुजी सवयीप्रमाणे सर्वांपुढे वाकू लागले. मचाणाकडे मान वर करून ते म्हणाले, "गोंदो-सान, माफ करा हं. फार वेळ तुमचा झोत अडवून बसलो."

"अहो, तो तुमच्यासाठीच लावला होता!" गोंदो वरून ओरडले, आणि मग त्यांना खोकल्याची उबळ आली. ती खरी होती की नाही, हे मी सांगू शकत नाही.

वर्षाच्या अखेरीस यादी लागली. मिनाकुची तोकुजी यांचे नाव वरच्या मजल्यावरच्या तिसऱ्या खोलीपुढे लिहिलेले होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी मोठ्या खोलीत होते. त्या दिवशी मोठी लढाई चित्रित व्हायची होती आणि कोणाची जखम कोठे रंगवली आहे, हे मला लिहून घ्यायचे होते. दार सरकले आणि रंगाची पेटी काखेत धरून तोकुजी आत आले.

"शुभ सकाळ," ते म्हणाले आणि कोपऱ्यातल्या आपल्या चटईकडे वळले.

त्या चटईवर कुमेदा पाय पसरून बसले होते.

"कोण पाहिजे?" त्यांनी विचारले.

"अरे कुमेदा, मी. जरा सरक."

"इथं जागा नाही. ही चटई माझी."

"कालपर्यंत माझी होती."

"काल मेलास तू. इथल्यापुरता मेलास. ऐका रे, या मढ्याला कुणीतरी वर नेऊन ठेवा!"

खोलीत हशा पिकला. तोकुजी दुसऱ्या कोपऱ्याकडे वळले. तेथल्या माणसाने चटकन आपले जोडे रिकाम्या जागेवर ठेवले. तिसऱ्याने कपड्यांची गाठोडी पसरली. जिकडे ते जात, तिकडची जागा भरून जाई.

"वरती फार शांत आहे रे," तोकुजी काकुळतीने म्हणाले. "दोघंच जण. चहासुद्धा कुणीतरी आणून देतं."

"मग पी की! आमच्या नावानं पी!" कुमेदा उठले, त्यांनी तोकुजींचे दोन्ही खांदे धरून त्यांना दाराबाहेर ढकलले आणि दार ओढून घेतले. "पुन्हा खाली दिसलास तर खरी तलवार आणीन!"

बाहेर काय झाले हे मला नंतर केशभूषा करणाऱ्या बाईंनी सांगितले; त्या वेळी त्या बोळात होत्या. तोकुजींनी पेटी खाली ठेवली, ते दुखऱ्या गुडघ्यांवर बसले आणि त्या बंद दारापुढे कपाळ जमिनीला टेकेपर्यंत वाकले. तसेच ते पुष्कळ वेळ राहिले.

त्याच वेळी दाराच्या आतल्या बाजूस हसणे थांबले होते. कुमेदा दाराकडे तोंड करून उभेच होते. कोणी कोणाला काही सुचवले नाही. पण एकेक करून ती रंगवलेल्या जखमांची माणसे गुडघ्यांवर बसली आणि त्यांनी दाराच्या दिशेने मस्तके लवविली. मीही वही बाजूला ठेवून वाकले. लाकडी चौकटीवर कागद ताणून केलेले ते दार. पण ना इकडच्यांना तिकडचे दिसले, ना तिकडच्याला इकडचे.

थोड्या वेळाने जिन्यावर सावकाश पावले वाजू लागली. ती वर पोहोचेपर्यंत कोणीही मान उचलली नाही.

मग कुमेदांनी नाक शिंकरले आणि टाळी वाजवली.

"चला रे, उठा! आज अठ्ठावीस जण मरायचेत."